टेंभरे ठेकेदारांची पेशी

आमच्या शेजारी टेंभरे ठेकेदार राहतात. त्यांच्याकडे वाटीभर वडे पाठवायचे असतील तर मी ते मोजून पाठवते. कारण वाटी हातात घेण्याआधी ते आत जातात, लाल पुठ्ठ्याची वही आणतात, चष्मा लावतात आणि लिहितात, 'वडे, नग सात, गरम, सुस्थितीत मिळाले.' खाली सही, तारीख, वेळ. मग ते पान फाडून माझ्या हातात. वाटी परत आली की सही माझी. 'वाटी एक, स्टीलची, धुतलेली, परत पावली.'

"हे कायले, भाऊ?" मी पहिल्यांदा विचारलं होतं.

"पोच पाह्यजे, वैनी," ते म्हणाले. "पोच नसली तं देल्लेलं देल्लं होत नाई."

तेव्हा मी हसले. आता माझ्याकडे त्यांच्या पोचांनी एक बिस्किटांचा डबा भरला आहे आणि नात सुट्टीत आली की त्या काढून मोठ्यानं वाचते. 'चिवळाची भाजी, अंदाजे पाव किलो, थोडी खारट.' शेऱ्याचा रकाना त्यांनी नंतर वाढवला.

गोंदियाला दाढ काढायला गेले तेव्हा त्यांनी डॉक्टरकडे दाढेची पोच मागितली. डॉक्टर म्हणाले, "काका, पैशाची रसीद देतो ना." हे म्हणाले, "ते तं देसालच. पन दाढ तुमच्यापाशी राहिली ना." शेवटी डॉक्टरनं दाढ कापसात गुंडाळून यांच्या हवाली केली, तेव्हा यांनीच डॉक्टरला पोच लिहून दिली.

एकुलती एक मुलगी रायपूरला दिली. लग्नाच्या पंगती उठल्यावर टेंभरे वही घेऊन व्याह्यांपुढे उभे. 'वरात पोचली, जेवली, तक्रार नाही.' व्याही सभ्य माणूस. त्यांना वाटलं, आमच्या तिरोड्याकडची रीत असेल. त्यांनी सही केली. पुढे स्वतःच्या मुलीच्या लग्नात त्यांनी समोरच्या पार्टीकडून तशीच सही घेतली आणि त्यावरून तिकडे मोठी रुसवाफुगवी झाली, असं ऐकते.

अंगानं टेंभरे म्हणजे सळाख. बारा महिने सिमेंटच्या रंगाचा सफारी. कोणाच्याही घरी गेले की आधी भिंतीवर बोटाचं हाड वाजवून पाहतात, मग बसतात. आमच्या बैठकीची भिंत वाजवून म्हणाले होते, "मसाला कमी हाय." बांधकामातला मसाला म्हणजे सिमेंट-रेतीचं मिश्रण. ती भिंत माझ्या सासऱ्यांनी उभ्यानं बांधून घेतली होती, त्यामुळे मी आठ दिवस चहा दिला नाही.

तर ही पोचेची बिमारी जन्माची नाही. ती एका पुलानं लावली.

बोदलकशाच्या वाटेवर एका नाल्यावर टेंभऱ्यांनी सरकारी ठेक्यात पूल बांधला. पूल म्हणजे काही नवलाचा नाही. चार सिमेंटच्या नळ्या, वर काँक्रीट, दोन्ही बाजूंना मांडीएवढे कठडे. पण पलीकडचं गाव पावसाळ्यात तुटायचं ते तुटेनासं झालं. बस जायला लागली.

काम झालं की बांधकाम खात्याचे साहेब येऊन मोजमाप घेतात आणि ते एका पुस्तकात चढवतात. त्याला मोजमाप पुस्तिका म्हणतात. त्या पुस्तकावरून बिल निघतं. पुस्तक सरकारचं, ते या कार्यालयातून त्या कार्यालयात नेण्याचं काम सरकारचं. पण आमच्याकडचा कुठलाही ठेकेदार ते सरकारवर सोडत नाही. तो स्वतःच्या मोटारसायकलवर, शर्टाच्या आत घालून, पुस्तक पोचवतो. टेंभऱ्यांनीही पोचवलं. बाबू जेवायला गेले होते. यांनी पुस्तक टेबलावर ठेवलं, वाऱ्यानं पानं उडू नयेत म्हणून वर पेपरवेट ठेवला आणि घरी आले. कोणाची सही नाही, शिक्का नाही.

पुढच्या आठवड्यात गेले तेव्हा पेपरवेट तिथेच होता. पुस्तक नव्हतं.

दोन वर्षं त्यांनी चकरा मारल्या. मग एका दुपारी आमच्या अंगणात येऊन उभे राहिले.

"वैनी, तुमी कोर्टात होत्या ना?"

मी कोर्टाबाहेर होते. सव्वीस वर्षं रोज तिरोड्याहून गाडीनं गोंदियाला जाऊन, कोर्टाच्या आवारात टिनाच्या शेडखाली मी टाइपरायटर बडवला. शेड आणि कोर्ट यांच्यामध्ये एक गटार होतं, ते मी कामासाठी कधी ओलांडलं नाही. पण मी म्हणाले, "होते ना."

"मंग सांगा, सरकारवर दावा करता येते का?"

"काऊन नाही येत? सरकार का आभाळातून पडलं?"

"वकील पाहू का एखादा?"

आता इथं मला माझ्याबद्दल थोडं सांगावं लागेल. मी तेव्हा बावन्न वर्षांची होते, म्हणजे अगदीच पोरवय. टेबल नुकतंच बंद करून घरी बसले होते आणि मला कोणी काही विचारत नव्हतं. चष्म्याला मी साखळी लावून घेतली होती, का तर न्यायाधीशबाईंना तशी असते. माझ्यातल्या तेव्हाच्या त्या बाईला आज मी कान धरून उभी करीन. ती म्हणाली, "वकील कायले? वकील नुसता बोलते. लेहते कोन? सव्वीस वर्षं आमीच तं लेहून राहिलो."

टेंभऱ्यांनी माझ्याकडे जे पाहिलं, ते पाहून मला वाटलं, आपल्यामागे काळा कोट लटकलेला असावा.

दावा मी अकरा पानी केला. त्यात 'सबब' हा शब्द चौदा वेळा आला. एका ठिकाणी मी 'न्यायदेवतेच्या चरणी' असंही घातलं होतं, ते टाइप करताना मला स्वतःलाच गहिवरून आलं. दाखल करायच्या दिवशी मी भाच्याच्या लग्नातली कॉटनची साडी कांजी करून नेसले. टेंभरे सफारीत. आम्ही दोघं गटार ओलांडून कोर्टात गेलो.

तो दावा कोर्टानं फेटाळला. कारण अगदी साधं होतं. सरकारवर दावा करायचा तर आधी लेखी नोटीस द्यावी लागते आणि दोन महिने थांबावं लागतं. दिवाणी प्रक्रिया संहिता, कलम ऐंशी. आम्ही नोटीस दिलीच नव्हती. आणि ही नोटीस मी आयुष्यात हजारदा टाइप केली असेल. बोटांना ती पाठ होती. डोक्यापर्यंत कधी पोचलीच नाही.

मी आठ दिवस मागच्या दारानं ये-जा केली. नवव्या दिवशी भिंतीपलीकडून आवाज आला.

"वैनी."

मी भांडी घासत राहिले.

"वैनी, टायपिंग मात्र साफ होतं. जज साहेब बी म्हनले."

जज साहेब असं काही म्हणाले नव्हते. मी तिथेच होते.

त्यानंतर आम्ही बिसेन वकिलांकडे गेलो. ही मुलगी नुकतीच वकील झालेली, टेबलावर कायद्याची पुस्तकं कमी आणि स्वतःची पाटी मोठी. तिनं माझा दावा वाचला, दोनदा पदर तोंडाला लावला आणि म्हणाली, "आजी, भाषा छान आहे." मला आजी म्हणणारी ती पहिली. ती म्हणाली, "दाव्याला तीन वर्षांची मुदत असते. अजून थोडी आहे, म्हणून वाचलात. आधी नोटीस."

नोटीस गेली. टेंभऱ्यांनी पोस्टाची पोच देवघरात ठेवली. दोन महिने पुरे होता होता खात्याचं उत्तर आलं, अडीच ओळींचं. 'सदर ठिकाणी पाहणी केली असता असे कोणतेही बांधकाम आढळून येत नाही. सबब देयकाचा प्रश्न उद्भवत नाही.'

पाहणी कोणी केली, केव्हा केली, जीपमधून केली की खुर्चीतून केली, ते शेवटपर्यंत कळलं नाही. 'सबब' मात्र त्यांनी एकदाच वापरला होता आणि तो माझ्या चौदांवर भारी पडला.

टेंभऱ्यांनी ते पत्र बिसेन वकिलांच्या टेबलाजवळ उभ्या उभ्या वाचलं. मग खिडकीतल्या उजेडात नेऊन वाचलं.

"पैसे नाई देत म्हनले असते तं समजलो असतो," ते म्हणाले. "पन पूल नाई म्हनून राहिले हे."

कोर्टाच्या कँटीनवर कोणीतरी त्यांच्या डोक्यात भरवलं होतं की इथं कशाला कुजता, नागपूरला हायकोर्टात रिट टाका, महिन्यात काम. त्यांनी ते विचारलं.

बिसेन म्हणाली, "काका, खात्यानं म्हटलं असतं की काम झालं, बिलही बरोबर आहे, पण देत नाही, तर गेलो असतो नागपूरला. हे म्हणतात पूलच नाही. आता पूल आहे की नाही, हे साक्षीपुराव्यानं ठरवावं लागेल. ते इथंच, दिवाणी कोर्टात."

"म्हनजे कबूल करून पैसे नाई देले तं लवकर न्याय. अना आख्खा पूल गिळून टाकला तं उशिरा?"

"कायदा तसं नाही म्हणत, काका."

"मंग कसं म्हनते?"

तिनं पाणी पिऊन घेतलं.

परतीच्या गाडीत टेंभरे खिडकीबाहेर धानाच्या बांध्या पाहत होते. गंगाझरी स्टेशन गेल्यावर म्हणाले. "मले एकच पाह्यजे, वैनी. कोर्टानं लेहून द्यावं. पूल हाय, अना टेंभऱ्यानं बांधला. बाकी काई देवो, नाई देवो."

मग दावा लागला आणि टेंभऱ्यांच्या आयुष्यात पेशी आली.

पेशी म्हणजे कोर्टाची तारीख. माणसं पेशीला कंटाळतात, टेंभरे पेशीला सणासारखे तयार व्हायचे. आदल्या दिवशी सफारीला इस्त्री. सकाळची पहिली गाडी. दोन पुडाचा डबा. दोन पुडाचा का, ते मला पुष्कळ दिवसांनी कळलं. खात्यातर्फे फाइल घेऊन यायचे ते शेंडेबाबू. भले, जाडे, घामट गृहस्थ. पुलाशी त्यांचा काही संबंध नव्हता, पुस्तक हरवलं तेव्हा ते त्या कार्यालयात नव्हतेही. साहेब म्हणत, शेंडे, कोर्टात जा, म्हणून ते येत. वादी आणि प्रतिवादी सकाळी साडेदहापासून एकाच बाकावर बसत, पुकारा होईपर्यंत. दुपारी पुकारा व्हायचा, पुढची तारीख मिळायची. दोघं पुन्हा बाकावर येऊन जेवायचे.

टेंभरे घरी येऊन मला अहवाल द्यायचे. शेंडेबाबूंचं नाव ते घेत नसत. "आज प्रतिवादीले वांग्याची भाजी आवडली." "आज प्रतिवादीचं पोट बरं नोहतं." एकदा मला भिंतीवरून विचारलं, "वैनी, बिनमिठाचं वरन चवदार कसं करावं? प्रतिवादीचं बीपी वाढून राहिलं."

"तो तुमच्या विरुद्ध हाय ना, भाऊ?"

"विरुद्ध तं हायच," ते म्हणाले. "पन जेवाले कोन म्हनल मंग त्याले?"

आणि प्रत्येक पेशीला लाल वहीत शेंडेबाबूंची सही. 'भाकर दोन, वरण, मिळाले. प्रतिवादी क्रमांक दोनकरिता.'

न्यायाधीश बदलले. पुन्हा बदलले. बिसेनचं लग्न झालं. कागद आले, गेले, साक्षी झाल्या. सरकारी वकिलांनी टेंभऱ्यांना उलटतपासणीत विचारलं, "पुस्तिका दिल्याची पोच आहे का?" टेंभरे म्हणाले, "नाई साहेब. तेवढीच नाई. त्याच्यानंतरच्या साऱ्या हायत." आणि लाल वह्यांची पिशवी वर उचलली. कोर्ट हसलं. बिसेन हसली नाही. बिनपोचेचा हा दावा कुठं अडणार, हे तिला दिसत होतं.

म्हणून तिनं अर्ज केला की कोर्टानं आपला माणूस पाठवून पूल आहे की नाही ते पाहावं. कोर्टानं एका वयस्क वकिलांना कमिशनर नेमलं.

त्या पाहणीला मी गेले. मला कोणी बोलावलं नव्हतं. पण आता मी साठीला टेकले होते आणि साखळी काढून ठेवली होती, त्यामुळे मला कुठंही जाता येत होतं.

कमिशनर साहेबांची गाडी पुढे, आमची रिक्षा मागे. नाला आला. गाडी नाला ओलांडून पलीकडे झाडाच्या सावलीत थांबली. साहेब उतरले, टोपी घातली, कागद काढले आणि म्हणाले, "हां. कुठं आहे तो वादग्रस्त पूल?"

"साहेब," टेंभरे म्हणाले, "आत्ता तुमी त्याच्यावरूनच आले."

साहेब चालत मागे आले, पुलाच्या मधोमध उभे राहिले, खाली वाकून नळ्या मोजल्या. चार. टेप लावला. लांबी-रुंदी कराराच्या नकलेशी बोटभरही इकडे तिकडे नाही. मग ते शेंडेबाबूंकडे वळले.

"खात्याचं काय म्हणणं आहे?"

शेंडेबाबू रुमालानं मान पुसत होते. "साहेब, वरिष्ठांच्या सूचनेशिवाय मी या पुलाबद्दल मत देऊ शकत नाही."

"पण तुम्ही आत्ता उभे कशावर आहात?"

शेंडेबाबूंनी खाली पाहिलं. बराच वेळ पाहिलं. "त्याबद्दलसुद्धा सूचना घ्यावी लागेल, साहेब."

टेंभरे हळूच म्हणाले, "असू द्या साहेब. त्याईची नोकरी हाय."

एवढ्यात गावाकडून एक म्हातारी शेळ्या घेऊन आली. इतकी माणसं पुलावर वाकलेली पाहून थांबली.

"काय पाहून राहिले बापा?"

"पूल आहे की नाही ते," मी म्हणाले.

तिनं आम्हा सगळ्यांकडे आळीपाळीनं पाहिलं. "उन्ह लागलं का तुमाले? पानी आनू?"

कमिशनर साहेबांनी तिला विचारलं, हा पूल कोणी बांधला. ती म्हणाली, ते मला काय ठाऊक, सरकारनं बांधला असेल. मग तिची नजर टेंभऱ्यांवर गेली. "हा मानूस पाह्य ना. हा येते दरसाली मिरगाच्या आंधी. फावडा आनते, साऱ्या नळ्यातला गाळ काढते, कठड्याले चुना मारते. आमी समजलो सडकेवरचा गँगमन होय. ह्याले मी कितीकदा ताक देलं."

मी टेंभऱ्यांकडे पाहिलं. सळाख लाल झाली होती. साहेब लिहून घेऊ लागले तसे हे पुढे सरसावले.

"साहेब, ते नोका लेहू."

"का? तुमच्या फायद्याचं आहे."

"फायद्याचं कसं? काम पक्कं असते तं ठेकेदार फावडा घेऊन कायले येईन? सरकारी वकील हेच म्हनल." ते अगदी कळवळून सांगत होते. "मी इकडं येतो ते... इकडं माहं काम राहते. जाता जाता पाहतो."

"दरवर्षी?" साहेबांनी विचारलं.

"दरसाली काम राहते."

तिकडे त्यांचं ना शेत, ना नातं. साहेबांनी पेन थांबवलं, चष्म्यावरून त्यांच्याकडे पाहिलं आणि मग तेवढं वाक्य सोडून दुसरं लिहिलं. 'पूल सुस्थितीत असून नळ्या स्वच्छ आहेत.' बिसेनला परतल्यावर मी ते सांगितलं तेव्हा तिनं कपाळाला हात लावला.

निकाल लागला तेव्हा बिसेनची मुलगी पहिलीत होती. कोर्टानं कमिशनरांचा अहवाल मानला. पूल आहे, तो वादीनं करारानुसार बांधला आहे, खात्यानं व्याजासह रक्कम द्यावी. टेंभऱ्यांनी निकालाची प्रमाणित प्रत घेतली आणि तेवढ्या एका ओळीची फोटोकॉपी काढून मला आणून दिली. अर्थात पोच घेऊन.

पण सरकारला लिहून दिलेलं कळायला वेळ लागतो. कायद्यानं तीन महिने वाट पाहावी लागते, ती पाहिली. नंतरही काही हाललं नाही. तेव्हा बिसेननं शेवटचं हत्यार काढलं. सरकारी खातं कोर्टाचं ऐकत नसेल तर कोर्टाचा बेलिफ जाऊन साहेबाची खुर्ची जप्त करून आणतो.

जप्तीच्या दिवशी साहेब दौऱ्यावर होते. अशा दिवशी ते दौऱ्यावरच असतात. बेलिफ, टेंभरे, बिसेन आणि मागे मी. खोलीत ती खुर्ची. काळी, फिरती, उंच पाठीची, पाठीवर पांढरा टॉवेल. बेलिफानं यादी सुरू केली. "खुर्ची एक, टॉवेल एक."

"टॉवेल नाई," टेंभरे म्हणाले. "वॉरंटात टॉवेल नाई. कोनाचा घामाचा टॉवेल नेऊ नये." त्यांनी तो काढून, घडी करून, टेबलावर ठेवला.

खुर्ची जिना उतरून खालच्या वऱ्हांड्यापर्यंत आली. कार्यालयातले सगळे दारांत उभे. दहा-बारा वर्षांत बिलाची जी फाइल सापडली नव्हती ती तासाभरात लेखा शाखेत सापडली. फोन झाले, साहेबांचा दौरा दुपारी संपला, लेखी हमी मिळाली आणि त्याच आठवड्यात रक्कम कोर्टात जमा झाली. खुर्ची परत वर न्यायची होती तेव्हा शिपाई म्हणाला, माझी कंबर धरली आहे. टेंभऱ्यांनी एक बाजू धरली. दुसरी शेंडेबाबूंनी. जिन्यात दोघं दोनदा थांबले, आणि शेंडेबाबूंना दम लागला तेव्हा टेंभऱ्यांनी त्यांना जप्तीच्या खुर्चीत बसवलं.

इथं कोणीही म्हणेल, झालं, गोष्ट संपली. मलाही तसंच वाटलं होतं.

महिना-दीड महिना गेला. एका मंगळवारी दुपारी मी अंगणात कुरोड्या वाळत घालत होते. टेंभरे स्टेशनाकडून येताना दिसले. इस्त्रीचा सफारी, हातात पिशवी.

"कोठं गेलते, भाऊ?"

"गोंदियाले."

"काऊन? निकाल तं लागला."

"गेलो असाच." ते आमच्या पायरीवर बसले. भिंत वाजवून पाहिली नाही. "शेंडेबाबू आता टपालाच्या टेबलावर बसते. कोर्टात दुसऱ्याले धाडते त्याईच्या ऑफिसातून."

इतक्या वर्षांत त्यांनी शेंडेबाबूंचं नाव घेतलेलं मी पहिल्यांदा ऐकलं.

"बाकावर दुसरेच दोघं बसले होते," ते म्हणाले. "वादी-प्रतिवादीच असतीन. बसून हायत, पन बोलून नाई राहिले एकमेकासंगं."

मी पाणी आणून दिलं. त्यांनी ते पिऊन पेला खाली ठेवला.

"वैनी, सरकार अपील नाई करन का?"

"अपिलाची मुदत केव्हाच गेली, भाऊ."

"सरकार उशीर माफीचा अर्ज टाकते ना पन. पुष्कळदा टाकते. मी पाह्यलो."

"पैसे भरून बसले ते. आता कायले टाकतीन?"

"हो. तेही हाय," ते म्हणाले. पुलाबद्दलचा तो कागद, जो त्यांना आयुष्यात एकच हवा होता, तो आता त्यांच्याकडे होता, आणि ते माझ्या कुरोड्यांकडे पाहत होते. आत त्यांच्या घरात कोणी नाही. रायपूरचा फोन रविवारी येतो.

मग त्यांनी घसा साफ केला.

"वैनी, तुमचं कोनासंगं काई वाद नाई का?"

"कसला वाद?"

"कसाबी. शेताच्या धुऱ्याचा, भिंतीचा, पान्याचा. माह्याकडं आता येळ हाय. नोटीस कसी देतेत, दोन महिने कसे मोजतेत, सारं येते मले. बिसेनबाई बी हायत. पेशीले मी येत जाईन. तुमाले गाडीत यायची बी गरज नाई."

मी मनातल्या मनात सगळं चाळून पाहिलं. धाकट्या जावेशी माझं तीस वर्षं जुंपलेलं आहे. समोरच्या किराणावाल्याशी मी बोलत नाही. नळाच्या पाण्यावरून मी या गल्लीत कोणाला सोडलेलं नाही. सव्वीस वर्षं मी लोकांची भांडणं साफ टाइप करून दिली. पण माझी स्वतःची सगळी तोंडीच राहिली. लेखी एकही नव्हतं.

"आता लगेच आठवत नाही, भाऊ," मी म्हणाले. "पाहते शोधून."

"पाहा," ते म्हणाले. "घाई नाई."

आणि ते पायरीवर बसून राहिले. मी उरलेल्या कुरोड्या घालायला घेतल्या, जरा सावकाशच.